पाटलाच्या मागं उभा असलेला माणूस

सांगलीत गणपती पेठेतून आत वळणाऱ्या एका बोळात लालासाहेब शिकलगारांचं धार लावायचं दुकान होतं. दुकान म्हणजे काय, एक फळी, मोटरवर फिरणारा दगड आणि बसायला लोखंडी स्टूल. शिंप्यांच्या कात्र्या, खाटकांचे सुरे, बायकांच्या विळ्या, सगळं तिथं यायचं. गिऱ्हाईक नवं असलं की आधी ठिणग्या बघत उभं राहायचं. मग त्याची नजर दगडावरून वर सरकत लालासाहेबांच्या तोंडावर यायची. जाड भुवया, मोठं नाक, दोन्ही गालांवर देवीचे व्रण. माणूस विचारात पडायचा.

"तुमाला कुठंतरी बघिटलंय बघा."

"बघिटलं असंल," लालासाहेब म्हणायचे आणि कात्री उलटी करून दुसरं पातं दगडाला लावायचे.

"कडेगावचं का तुमी? का आमच्या पाव्हण्यातलं?"

"न्हाई. हितलाच हाय."

गिऱ्हाईक कात्री घेऊन जायचं. मग एखाद्या रविवारी दूरदर्शनवर जुना मराठी पिक्चर लागायचा आणि त्याच्या डोक्यात उजेड पडायचा. वाड्याच्या ओसरीवर पाटील तक्क्याला टेकून बसलाय, हुक्का ओढतोय, आणि त्याच्या मागं खांबापाशी हातात काठी घेऊन एक जण उभा आहे. तो हाच. मग ते गिऱ्हाईक मुद्दाम बोळात परत यायचं. "तो तुमीच न्हवं?" म्हणायचं. लालासाहेब "व्हय, मीच" म्हणायचे. माणूस खूश होऊन निघून जायचा. नाव कुणी विचारायचं नाही, आणि त्यांनीही आपणहून कधी सांगितलं नाही. आता साठी ओलांडली होती. सांगायचा कंटाळाही आला होता.

सिनेमात ते शिरले ते तलवारींच्या पाठोपाठ. बावन्न-त्रेपन्न सालची गोष्ट. कोल्हापूरच्या एका स्टुडिओत ऐतिहासिक पिक्चर चालला होता आणि तिथल्या ढीगभर तलवारी गंजलेल्या होत्या. त्या उजळायला सांगलीहून त्यांच्या वडिलांना बोलावणं आलं. दोघं बापलेक गेले, मागच्या अंगणात बसून तलवारी घासू लागले. दुसऱ्या दिवशी तटावरून खाली पडायचा शिपाई आला नाही. दिग्दर्शकानं इकडंतिकडं बघितलं. अंगापिंडानं भरलेला हा तरुण दिसला. म्हणाला, "तू पड रं."

लालासाहेब पडले. खाली गवताचे भारे टाकले होते, तरी ते असे पडले की कॅमेऱ्यामागचा माणूस घाबरून धावत आला. वडील चिडले होते. शिकलगाराचं पोर तोंडाला रंग लावतंय म्हणून तीन-चार दिवस बोलले नाहीत. पण पुढच्या आठवड्यात स्टुडिओतून पुन्हा निरोप आला, आणि मग येतच राहिला.

ऐतिहासिक पिक्चर मागं पडले आणि गावरान पिक्चरांचे दिवस आले. त्यात पाटील आला, पाटलाचा वाडा आला, आणि वाड्यात पाटलाच्या मागं उभं राहायला माणूस लागला. लालासाहेब त्या जागी जे उभे राहिले ते वीस-बावीस वर्षं. पाटील बदलत गेले, हा बदलला नाही. "जी मालक." "आणतो मालक." "उचलू का त्याला, मालक?" एवढीच त्यांची वाक्यं. शेवटी हिरोचा मार खायचा आणि उकिरड्यावर पडायचं.

मार खाण्यातही कसब असतं. हिरोचा हात दुखता कामा नये, आपलं तोंड कॅमेऱ्याकडून फिरलं पाहिजे, आणि पडताना दिवा लाथाडता कामा नये. लालासाहेबांना ते चांगलं जमायचं. पण त्यांचं खरं काम निराळं होतं. ते अनंतराव देशमाने नावाच्या दिग्दर्शकानं एकदा बरोबर ओळखलं. चहा पिताना सहज म्हणाले, "लाला, तू मागं उभा राहिलास की पाटील मोठा वाटतो. दुसरा कुणी उभा केला की तोच पाटील किराणा दुकानदार दिसतो." लालासाहेबांनी हे घरी येऊन रहिमतबीला सांगितलं. ती भाकरी थापत होती. म्हणाली, "मग पाटलालाच पैसं जास्ती का देत्यात?"

रहिमतबीनं नवऱ्याचा पिक्चर एकदाच बघितला होता. मोहरमला कडेगावला माहेरी गेली होती, तिथं तंबू आला होता. भाच्या-पुतण्यांनी ओढून नेलं. पिक्चरमध्ये हिरोनं लालासाहेबांना चिखलात लोळवून लोळवून मारलं आणि अख्खा तंबू शिट्ट्या वाजवायला लागला. पुढं बसलेल्या एका म्हातारीनं बोटं मोडली. म्हणाली, "मुडदा बशिवला मेल्याचा." रहिमतबी उठली, पदर सारखा केला आणि तंबूबाहेर येऊन उभी राहिली. त्यानंतर ती कधी गेली नाही आणि घरात पिक्चरचा विषयही तिनं काढला नाही. लेक सबीना शाळेत जायला लागली तेव्हा पोरी तिला "काठीवाल्याची" म्हणायच्या. तीही घरी येऊन कधी बोलली नाही. लालासाहेबांना दुसऱ्यांकडून कळायचं.

असं सगळं असताना सदुसष्ट साली अनंतरावांनी त्यांना बोलावून घेतलं आणि म्हणाले, "लाला, बापाचं काम आहे. मुख्य काम आहे. करशील का?"

साताऱ्याजवळ माहुलीला, कृष्णाकाठच्या एका नावाड्याची ती कथा होती. नावाड्याचा एकुलता एक मुलगा पलटणीत जातो आणि परत येत नाही. अनंतरावांच्या स्वतःच्या घरात तसं झालं होतं असं लोक म्हणायचे, पण त्यांना ते विचारायची कुणाची छाती नव्हती. आईचं काम चंद्राबाई करत होत्या. चंद्राबाई साताऱ्याच्या. तमाशाच्या फडातून नाटकात आणि नाटकातून सिनेमात आलेल्या. त्याही तोवर कुणाच्या तरी मावशी, कुणाच्या तरी मोलकरीण अशाच उभ्या राहिलेल्या. दोघांनाही कॅमेरा इतका जवळ येतो हे माहीत नव्हतं. पहिल्या दिवशी लालासाहेब सवयीनं दोन पावलं मागं सरकले. अनंतरावांनी हात धरून त्यांना पुढं आणलं.

महिना-दीड महिना काम चाललं. एकदा मुंबईहून धुऊन आलेली दोन-तीन रिळं कोल्हापुरात पडद्यावर लावली. आवाज नव्हता. अंधारात बसून लालासाहेबांनी पहिल्यांदाच स्वतःचं तोंड समोरून, पडदाभर बघितलं. देवीचे व्रण दिसत होते. डोळे दिसत होते. त्यांना वाटलं, हा माणूस कोण आहे? बाहेर येऊन नळावर तोंड धुतलं.

मग निर्मात्याचा हात आखडला. दोन-चार दिवसांचं काम उरलं होतं, तेही थांबलं. आधी पाऊस संपू दे म्हणाले, मग दिवाळी होऊ दे म्हणाले. रिळं मुंबईच्या प्रयोगशाळेत अडकली ती अडकलीच. काही वर्षांनी ती जागा दुसऱ्यानं घेतली आणि जुने डबे कुठं गेले ते कुणाला सांगता येईना. अनंतराव त्यानंतर फार जगले नाहीत. लालासाहेब पुन्हा पाटलाच्या मागं जाऊन उभे राहिले. अठ्ठ्याहत्तर साली एका शूटिंगमध्ये घोड्यावरून पडले, गुडघा गेला, आणि तेही संपलं. पिक्चर रंगीत झाले होते, शहरी झाले होते. वाडाच राहिला नाही, तर वाड्यातला माणूस कुठं उभा करणार?

पुढची पंधरा-सोळा वर्षं दगडाच्या घरघरीत गेली. सबीनाचं लग्न झालं. जावई आसिफ साताऱ्याच्या औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यात लागला, लेक तिकडंच राहायला गेली. लालासाहेबांचा गुडघा थंडीत धरायचा. रात्री झोप कमी आणि दिवसा डोळ्यांवर झापड, असं चाललं होतं.

चौऱ्याण्णव सालच्या हिवाळ्यात शेजारचे आप्पासो शिंपी दोन पास घेऊन दुकानात आले. सांगलीत एका संस्थेनं जुन्या सिनेमांचा महोत्सव भरवला होता, शेवटच्या दिवशी सत्कार होता. सत्कार चंद्राबाईंचा.

"तुमच्या वळखीच्या हायत न्हवं?" आप्पासो म्हणाले. "चला की. लय दिवसांत भेट न्हाई झाली."

लालासाहेबांनी आधी नको म्हटलं. मग संध्याकाळी स्वच्छ पायजमा-शर्ट घातला, काळी टोपी घातली आणि निघाले. चंद्राबाईंना बघून वीस वर्षं झाली होती.

सभागृह भरलेलं होतं. हे दोघं मधल्या एका रांगेत, खांबाच्या आडोशाला बसले. स्टेजवर चंद्राबाईंना हात धरून आणलं. पांढरं लुगडं, जाड भिंगांचा चष्मा. खुर्ची चाचपून बसल्या. लालासाहेबांच्या ध्यानात आलं, यांना दिसत नाही, किंवा नसल्यासारखंच दिसतं.

संस्थेचे कार्यवाह अवधूत सर माइकसमोर आले. तरुण माणूस, कॉलेजात शिकवणारा, बोलणं मोठं गोड. म्हणाले, सत्काराआधी वर्षभरात आपल्यातून गेलेल्या कलावंतांचं स्मरण करू. एकेक नाव घेऊ लागले. लोक माना हलवत होते.

"आणि आपल्या सांगलीचे चरित्र अभिनेते, कैलासवासी लालासाहेब शिकलगार. आपण सर्वांनी दोन मिनिटं उभं राहून त्यांना श्रद्धांजली वाहावी."

खुर्च्या सरकल्या. सगळे उठले. आप्पासोंचं तोंड उघडंच राहिलं. ते लालासाहेबांकडं बघत होते. लालासाहेब खुर्चीच्या हाताला धरून, गुडघा सांभाळत उठत होते. सगळे उठले म्हणून तेही उठले.

"आवं, हे काय चाललंय?" आप्पासो कुजबुजले. "थांबा, मी सांगतो त्यास्नी."

लालासाहेबांनी त्यांचं मनगट धरलं. "गप ऱ्हावा."

"आवं पण..."

"गप ऱ्हावा, आप्पासो. दोन मिनिटांचा तर परश्न हाय."

ते मान खाली घालून उभे राहिले. पुढच्या माणसाच्या शर्टाची कॉलर उसवलेली होती, तिच्याकडं बघत राहिले. राग आला नाही. हसूही आलं नाही. गुडघा दुखत होता आणि कधी एकदा बसायला मिळतंय असं झालं होतं.

लोक बसले. हारतुरे झाले. मग चंद्राबाई बोलायला उठल्या. दोघांनी धरून त्यांना माइकपाशी आणलं. त्यांनी माइक हातानं चाचपला. मग म्हणाल्या, "मला माझं काय सांगायचं नव्हतंच. पण आता नाव घेतलं त्या लालाभाईंचं सांगते. ते गेलेले मला ठाऊक नव्हतं. आत्ता कळलं."

त्यांनी चष्मा वर करून पदरानं डोळे टिपले.

"तुमी त्यास्नी काठी घेऊन हुबं राहिलेलं बघितलंय. मी त्यास्नी बापाचं काम करताना बघितलंय. तो पिक्चर तुमाला बघायला मिळायचा न्हाई, तो ऱ्हायलाच न्हाई कुठं. आमचा ल्योक पलटणीत मेल्याची बातमी घेऊन गडी येतो. मी दारात सूप घेऊन तांदूळ निवडत बसलीया. आता कागदावर काय लिवलं हुतं? बापानं छाती पिटायची, नदीकडं पळत जायचं, टाहो फोडायचा. अनंतराव म्हणाले, चला. आन् लालाभाईंनी काय केलं? ते आलं, माझ्या शेजारी बसलं, माझ्या सुपात हात घातला आन् तांदूळ निवडाय लागलं. खडा काढला, टाकला. खडा काढला, टाकला. मी पण मान वर केली न्हाई. कॅमेरा चालू ऱ्हायला. अनंतराव थांबा म्हणायचं इसरलं. मी चाळीस वर्सं कामं केली, असं काम बघितलं न्हाई. कुणी केलं न्हाई, मी पण न्हाई केलं. एवढंच मला सांगायचं हुतं."

टाळ्या पडल्या. लालासाहेब टाळ्या वाजवत नव्हते. दोन्ही हात मांडीवर ठेवून बसले होते. आप्पासो त्यांच्या कानाशी लागून म्हणाले, "आता तरी उठा की."

आणि खरोखर, त्यांना उठावंसं वाटलं. पण उठलं असतं तर काय झालं असतं? लोक हसले असते. अवधूत सर घाबरे झाले असते. ती म्हातारी बाई माइकपाशी खुळ्यासारखी उभी राहिली असती आणि आत्ता बोललेलं सगळं पाण्यात गेलं असतं. गेलेल्या माणसाबद्दल लोक असं बोलतात. असलेल्याबद्दल कोण बोलतं? ते उठले नाहीत. कार्यक्रम संपल्यावर स्टेजकडं जायला निघाले, पण तिथं गर्दी होती, फोटो चालले होते. दोन पायऱ्या चढले आणि परत फिरले.

आप्पासोंच्या पोटात ते कुठलं राहायला. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत पेठेत सगळ्यांना कळलं. चार दिवसांनी अवधूत सर घरी आले, हातात शाल आणि नारळ. त्यांचा चेहरा इतका उतरला होता की लालासाहेबांनाच वाईट वाटलं. मिरजेचे तबल्याचे उस्ताद लालासाहेब आषाढात वारले होते, कुणीतरी नाव सांगताना घोटाळा केला, आडनाव आपणच घातलं, असं सर पुन्हापुन्हा सांगत राहिले.

"माझी चूक झाली, काका."

"असू द्या. मी तरी कुठं सांगितलं."

रहिमतबी चहा घेऊन आली. सरांनी घाईघाईनं शाल अंगावर घातली, एक टोक खाली लोंबत राहिलं. तिनं ते उचलून नवऱ्याच्या खांद्यावर नीट ठेवलं. सर गेल्यावर म्हणाली, "लोकर चांगली हाय. थंडीला हुईल."

लालासाहेबांच्या मनात मात्र दुसरंच घोळत होतं. बाई बोलल्या ते खरं नव्हतं. म्हणजे सगळं खोटं नव्हतं, पण जसं त्या म्हणाल्या तसं घडलंच नव्हतं. हे त्यांना तिथं सभागृहातच कळलं होतं, आणि तेव्हापासून ते तसंच रुतून बसलं होतं. जन्मात एकदा कुणीतरी चांगलं म्हणालं, तेही आपलं नव्हे. दुकानात कात्री दगडाला लावली की ते आठवायचं. शेवटी सबीनाकडं जायच्या निमित्तानं ते साताऱ्याला गेले आणि आसिफला घेऊन पत्ता शोधत चंद्राबाईंच्या दारात उभे राहिले.

शनिवार पेठेत भाच्याकडं त्या राहत होत्या. उन्हात पाट टाकून बसल्या होत्या.

"कोण हाय?"

"मी लालासाहेब. सांगलीचा."

चंद्राबाईंनी तोंड आवाजाकडं वळवलं.

"मला भाच्यानं सांगितलं," त्या म्हणाल्या. "पेपरात बारीक आलं हुतं म्हणं, चुकीची दुरुस्ती. तुमी तिथंच हुतासा?"

"व्हय."

"मी बोलत हुते तवा?"

"व्हय."

"मग बोलला का न्हाई?" त्यांचा आवाज चढला. "मी रडली तिथं. घरी येऊन दोन दिस जेवली न्हाई. आन् तुमी बसून ऐकत हुतासा व्हय?"

लालासाहेब पायरीवर बसले. आसिफ जरा लांब जाऊन उभा राहिला.

"चुकलं माझं," ते म्हणाले. "पर मला एक सांगायचं हाय, बाई. ते सुपाचं. ते मी केलं न्हाई."

"काय?"

"मी आलो, हुबा ऱ्हायलो. मला टाहो फुटंना. किती केलं तरी आवाज येईना. अनंतराव बघायलेत, सगळी बघायलेत, मला घाम फुटला. आता बंद करा म्हणणार, तेवढ्यात तुमी सूप माझ्याकडं सरकवलं. म्हणून मी बसलो. हात कुठं ठिवायचा कळंना म्हणून सुपात घातला. ती अक्कल तुमची. तुमी सांगितलं ते सगळं तुमचं हाय."

चंद्राबाई ऐकत राहिल्या. मग त्यांनी कपाळाला आठ्या घातल्या.

"मी सरकवलं?"

"व्हय. डाव्या हातानं."

"माझा पाय अवघडला हुता," त्या सावकाश म्हणाल्या. "सकाळपास्नं त्या उंबऱ्याशी बसवली हुती मला. मुंग्या आल्या हुत्या. पाय सरळ कराय म्हणून बाजूला केलं असंल सूप. मला न्हाई आठवत सरकवलेलं."

समोरच्या घरात कुणीतरी गहू वाळत घालत होतं.

"म्हंजी कुणीच केलं न्हाई," लालासाहेब म्हणाले.

"असंच म्हणायचं. आता बघायला पिक्चर तरी कुठं हाय?" त्या म्हणाल्या. मग जरा थांबून, "पर झालं हुतं चांगलं. ते तर खरं हाय न्हवं?"

"ते खरं हाय."

"मग ऱ्हाऊ द्या. संगं कुणी आलं असंल त्यालाबी हाक मारा, च्या घ्या."

त्यानंतर साताऱ्याला गेलं की लालासाहेब तिथं जाऊन तासभर बसायचे. जुनं फारसं काढायचे नाहीत. गुडघा, डोळे, कुणाला कुठलं औषध लागू पडलं, असलंच बोलणं. एकदा बाई म्हणाल्या, "आपण लय थकलो हो, लालाभाई." ते म्हणाले, "आपण तवापास्नंच थकलेलं हुतो. फक्त तवा कामावर जावं लागायचं." त्या हसल्या. लालासाहेबांनी त्यांना हसताना ऐकलं ते तेवढंच.

शहाण्णव सालच्या उन्हाळ्यात त्या झोपेत गेल्या. साताऱ्याच्या एका वाचनालयात शोकसभा ठेवली होती. भाच्याचा निरोप आल्यावर लालासाहेब निघाले. रहिमतबी म्हणाली, मीही येते, सबीनाला भेटून होईल. सभेला माणसं थोडीच होती. पंखा आवाज करत होता. चार माणसं बोलून झाल्यावर कुणीतरी लालासाहेबांना पुढं बोलावलं. आयुष्यात पहिल्यांदा ते माइकसमोर एकटे उभे राहिले. पाटील पुढं नव्हता, कुणीच पुढं नव्हतं.

"चंद्राबाई," ते म्हणाले आणि थांबले. पुढचं सगळं मनात तयार होतं. सूप, तांदूळ, माहुलीचा घाट. पण त्यातलं काही तोंडाबाहेर येईना. "बाई लय चांगल्या हुत्या कामाला," एवढंच बोलून ते जागेवर येऊन बसले. रहिमतबी बायकांच्या बाजूला बसली होती. तिनं त्यांच्याकडं बघितलं आणि मग डोक्यावरचा पदर पुढं ओढला.

दुसऱ्या दिवशी दुपारच्या एसटीनं दोघं सांगलीला निघाले. गाडीत गर्दी नव्हती. उन्हाच्या झळा खिडकीतून येत होत्या. उंब्रज गेलं, कऱ्हाड आलं. गाडी स्टँडवर उभी असताना रहिमतबी एकाएकी म्हणाली, "काल काय सांगणार हुतासा?"

"कवा?"

"तिथं. बोलायला हुबं राहिलासा तवा."

लालासाहेबांनी तिच्याकडं बघितलं. तीस वर्षांत तिनं पिक्चरचं एकही अक्षर विचारलं नव्हतं.

"एक पिक्चर हुता," ते म्हणाले. "लागला न्हाई कुठं."

"म्हाईत हाय. नदीवरचा. तवा तुमी महिनाभर घरी न्हवता. त्यात काय हुतं?"

गाडी हलली. लालासाहेबांनी सांगायला सुरुवात केली. नावाड्याचं घर कसं होतं, नाव कशी होती, मुलगा पलटणीत कसा गेला. सांगताना वाक्यं आपोआप यायला लागली, जी त्यांना वाटत होतं विसरून गेलीत. पेठनाक्याला गाडी वळली तेव्हा ते सुपापर्यंत आले होते. घडलं तसंच सांगितलं. टाहो फुटला नाही तेही, बाईंच्या पायाला मुंग्या आल्या तेही. रहिमतबी खिडकीबाहेर उसाकडं बघत ऐकत होती.

"मग पुढं?"

"पुढं काय न्हाई. शेवट काढलाच न्हाई. अनंतराव रोज निराळा सांगायचे. कवा म्हणायचे म्हातारा नाव सोडून देतो, कवा म्हणायचे सोडत न्हाई."

इस्लामपूरच्या स्टँडवर काकड्या विकणारी बाई खिडकीशी आली, तिला रहिमतबीनं हातानंच नको म्हटलं.

"त्या पोराचं लगीन झालं हुतं का?" तिनं विचारलं.

लालासाहेब विचारात पडले. महिना-दीड महिना त्या पोराचे बाप होऊनही हा प्रश्न त्यांना कधी पडला नव्हता.

"न्हाई वाटतं," ते म्हणाले. "सून कुठं दिसत न्हवती घरात."

"मग बरं झालं," रहिमतबी म्हणाली. तिनं मांडीवरची पिशवी सावरली, डोकं मागं टेकलं आणि डोळे मिटून घेतले. आष्टा यायला अजून वेळ होता. लालासाहेबांनी अवघडलेला गुडघा सीटखालून पुढं सरकवून सरळ केला.